मौजे खारवेढे, तालुका नांदगाव

जिल्ह्याची सरासरी बरी आहे.
इगतपुरीत पडलेला पाऊस
कागदावर आमच्याकडेही पडतो,
आणि नाशिकच्या कचेरीत पंखा लागला की
पेपरवेटखाली जरा फडफडतो.

मी भूकरमापक. अकरा वर्षं इथंच,
सातमाळ्याच्या पाठीमागे,
जिथं ढग पोचतात ते
बाजार करून परतलेल्या गाडीसारखे,
रिकामे, आणि घाईत.

खारवेढ्याच्या पुढं चार शेतं गेली की
जिल्हा बदलतो.
बाभळी त्याच. मुरूम तोच.
डांबर तेवढं शिवेपाशी थांबतं,
ओळखीच्या दारात बैल थांबावा तसं,
आणि पलीकडून कुणी दार उघडत नाही.

त्या चार शेतांच्या टोकाला एक विहीर.
पाणी वर होतं तेव्हा
दोन्ही तहसील लिहीत होते : विहीर आमची.
पाणी उतरलं, वीजबिल थकलं,
तेव्हापासून दोन्ही तहसील लिहितात : विहीर तुमची.
पत्रांची फाईल आता विहिरीपेक्षा भरलेली आहे.

तर, साहेबांचा हुकूम : मोजा.

मी आणि वाळिबा आहिरे.
वाळिबानं उमेदवारीत साखळी ओढली,
आता यंत्राची काठी धरतो,
आणि यंत्राला उपग्रह सापडेपर्यंत
तंबाखू मळत आभाळाकडं बघतो,
जणू त्यानंच तो तिथं टांगलाय.

बुरूज सापडला. बांध सापडला.
त्रेचाळीस नंबरचा दगड सापडेना.
त्या दगडावाचून रेघ
विहिरीच्या या काठानंही जाते,
त्या काठानंही जाते.

गयाबाई सांगळेंनी चहाला बोलावलं.
पेल्यात अर्धा चहा, बशीत माप.
मोरीपाशी धुणं चाललेलं, सून कपडे आपटत होती.
फेस ओघळला
आणि दगडाच्या कुशीवर
आकडा दिसला.

मी बघितलं. वाळिबानं बघितलं.
गयाबाईंनी आम्हाला बघताना बघितलं.

"लगीन होऊन आले तव्हापासून हाच हाये,"
त्या म्हणाल्या,
"कुनी आनला, इचारू नका. आननारा गेला."
मग पदरानं पेला पुसत, हळूच :
"इहीर गावात आली तर काय व्हतं, साहेब?"

मला नियम पाठ आहे.
गावाला स्वतःचा उद्भव असेल
तर टँकर बंद.

"आन् भाईर गेली तर?"

तर विहीर त्यांची. दोर, पोहरा, सगळं बंद.

सून आपटायची थांबली होती.
एक कोंबडी मोरीच्या ओलीत चोच घालून
दगडाभोवती फिरत राहिली,
तिला दोन्ही जिल्हे एका उडीचे.

"मंग तिला," गयाबाई म्हणाल्या,
"जरा मधीच राहू द्या."

मी वही उघडली.
नोकरीत मी खोटी रेघ मारलेली नाही,
तशी इथंही मारली नाही. फक्त लिहिलं :
*निशाणी क्रमांक ४३ जागेवर आढळली नाही.
फेरमोजणी प्रस्तावित.*
अक्षरशः खरं आहे.
जागेवर नव्हतीच ती.

वाळिबानं काठी घडी केली.
फाट्यापर्यंत बोलला नाही,
मग एवढंच : "साहेब, साबन लई खातो दगड."

मंगळवारी टँकर येतो.
बाकीचे दिवस विहिरीत चार हात पाणी,
खारट, पण कुणाचंच नसलेलं.
फेरमोजणीचा प्रस्ताव
नाशिकला कुठल्याशा टेबलावर आहे, पेपरवेटखाली,
इगतपुरीच्या पावसाशेजारी.

मी अधूनमधून चहाला जातो.
चारचा आकडा केव्हाच गेला.
तीन अजून लागतो बोटाला,
ओला असताना जास्त.
अजून पाच-सहा वर्षं काढेल.

तोवर बदली मागणार नाही.